अवकाशात बाबांचा खोकला

ऐंशीच्या दशकाच्या मध्यावर कधीतरी, मुलुंड पूर्वेला, तिसऱ्या मजल्यावरच्या आमच्या दोन खोल्यांत संगीताचा भविष्यकाळ तयार होत होता. तो दुपारी दोन ते चार एवढाच वेळ तयार व्हायचा, कारण चारला पाणी यायचं.

मी लग्नाच्या बँडमध्ये इलेक्ट्रॉनिक कीबोर्ड वाजवायचो. अंगात लाल कोट, खांद्यावर सोनेरी झुपके, डोक्यावर तुरा. कीबोर्ड हातगाडीवर बांधलेला, मागे धडधडणारा जनरेटर आणि पुढे नवरदेवाचा घोडा. आठ वर्षं मी त्या घोड्याच्या मागच्या बाजूकडे बघत कलेची साधना केली. (घोडे बदलले. बाजू तीच.) त्यातून शेजारी चार ट्रम्पेट आणि दोन ढोल, त्यामुळे मी काय वाजवतो ते कुणाला कधीच ऐकू यायचं नाही. एकदा वरातीत माझी वायर निघाली होती आणि मी मुलुंड ते भांडुप नुसता बोटं नाचवत गेलो. नवऱ्याच्या मामाने येऊन पाठ थोपटली, "काय झकास वाजवता हो तुम्ही!"

त्या रात्रीच मी ठरवलं. बस झालं! आपण आपला स्वतःचा अल्बम काढायचा. एकट्याचा. त्यात ढोल नाही, ट्रम्पेट नाही, घोडा तर नाहीच नाही. फक्त मी आणि माझा कीबोर्ड. नावही ठरलं, 'अवकाशातला एकटा'. सहा तुकडे, सलग चाळीस मिनिटं, पृथ्वीवरून निघून थेट ताऱ्यांपलीकडे.

"गाणी कोण म्हणणार?" माझी बायको नंदा म्हणाली.

"गाणी नाहीतच. नुसतं संगीत. इलेक्ट्रॉनिक."

"मग लोकांना कळणार कसं, संपलं कधी ते?"



आषाढ लागला, लग्नं थांबली, आणि मी कामाला लागलो. स्टुडिओ परवडण्याची बातच नव्हती. घरी एक टेपरेकॉर्डर होता. दुसरा बँडचे मालक रमाकांत मास्तर यांच्याकडून महिन्याच्या बोलीवर आणला. युक्ती अशी होती: एका मशीनवर आधी वाजवलेलं लावायचं, त्याच्यासोबत कीबोर्डवर नवीन काहीतरी वाजवायचं, आणि दुसऱ्या मशीनच्या माइकने दोन्ही एकत्र पकडायचं. मग ती कॅसेट पहिल्या मशीनमध्ये, वर तिसरा थर. मग चौथा. एकेका तुकड्यात मी असे अकरा-अकरा थर चढवले. कॅसेटी चारच असल्यामुळे खालचे थर पुसून त्यांच्यावरच पुढचे चढवत गेलो. म्हणजे चुकलं तर परत फिरायला रस्ताच नाही! विमानं अशी उडवत नाहीत, पण अवकाशयानाची गोष्ट वेगळी, असं मी मानलं.

या पद्धतीत एकच गोम होती. माइकला संगीत कुठलं आणि संसार कुठला हे कळत नाही.

पहिल्याच दिवशी मंगळाजवळ कुकरची शिट्टी झाली. दुसऱ्या दिवशी सूर्यमालेच्या कडेला "ए केळेवाला!" असं स्पष्ट ऐकू आलं. मग मी लोखंडी कपाट आणि भिंत यांच्या मधल्या जागेत शिरलो, दोन्ही बाजूंना गाद्या टांगल्या, वरून सतरंजी टाकली आणि घरात कायदा लागू केला. दोन ते चार या वेळात कुणी बोलायचं नाही. कुकर बंद. नंदाच्या बांगड्या टेबलावर. पंखा बंद, कारण तो दर फेऱ्याला 'खट' म्हणायचा. मी गाद्यांच्या आत उकडलेल्या बटाट्यासारखा बसायचो आणि बाहेर येताना साल सोलून निघाल्यासारखा दिसायचो.

खालच्या मजल्यावरच्या पेंडसेकाकू तिसऱ्या दिवशी वर आल्या. दारातूनच हळू आवाजात नंदाला विचारलं, "घरात कोणी फार आजारी आहे का गं?"

"नाही हो काकू. का?"

"नाही, दुपारभर कोणीतरी कण्हतं, म्हणून म्हटलं."

तो माझा दुसरा तुकडा होता. 'ताऱ्यांची अंगाई'.

राहता राहिले बाबा. माझे वडील पस्तीस वर्षं गिरणीत होते. संपानंतर गिरणी सुटली, पण तिथला कापूस छातीतून काही सुटला नाही, आणि दुपारी जेवल्यावर त्यांना हमखास खोकल्याची उबळ यायची. बोलणं मुळात कमी, आणि बोलले तर मालवणीत, तेही चार शब्द. कायदा ऐकल्यावर त्यांनी एकच प्रश्न विचारला.

"खोकलो ह्या कायद्यात येता काय रे?"

"बाबा, जरा दाबता आला तर..."

"बरा."

दुसऱ्या दिवसापासून दोनच्या ठोक्याला बाबा पायात चपला घालून गच्चीवर जायला लागले. दोन मजले चढून जायचे, खोकून यायचे, परत उबळ आली की परत जायचे. मला त्याचं काही वाटलं नाही. मी त्या वेळी शुक्राच्या आसपास होतो.

महिना संपला आणि चाळीस मिनिटांचा अल्बम एका कॅसेटवर तयार झाला. जगात त्याची ती एकच प्रत. कॅसेटच्या डबीवर लावायला नंदाने चित्र काढलं. काळ्या कार्डशीटवर मधोमध मोठा शनी, भोवती कडं, बाजूला चांदण्या. खरंच सुरेख काढला होता. पेंडसेकाकूंनी बघितला आणि दोन पावलं मागे सरकल्या. "अगो बाई, साडेसाती आपण होऊन घरात कशाला आणलीत?"

डबी अशी सजली. आतली कॅसेट मात्र कोरीच राहिली, तिच्यावर नाव घालायचं राहून गेलं. आणखी एक गोष्ट राहिली. कॅसेटच्या पाठीवर एक छोटी प्लॅस्टिकची खुंटी असते. ती मोडली की त्या कॅसेटवर कुणाला काही नवीन भरता येत नाही. सगळं जग ती खुंटी मोडतं. मी मोडली नाही. म्हटलं, असू दे, उद्या एखादी सुधारणा सुचली तर!

सुधारणा झाली. मला न सुचता झाली.

घाटकोपरला कॅसेटी काढणारे एक गालाशेठ होते. भजनं, आरत्या, लग्नातली गाणी असा त्यांचा माल. मास्तरांच्या ओळखीने त्यांनी घरी येऊन ऐकायचं कबूल केलं. रविवारी संध्याकाळी पाच वाजता. (पाणी भरून झाल्यावर.) शनिवारी मी अल्बम अर्धा ऐकून खात्री केली, घरचं मशीन बंद केलं आणि मास्तरांचा टेपरेकॉर्डर परत करायला निघालो. रविवारी कॅसेट नुसती मागे गुंडाळून ठेवली. पुन्हा ऐकली नाही. टेप झिजायला नको ना!

गालाशेठ आले. गोल चेहरा, पांढरा सफारी, घामाने ओला रुमाल. नंदाने कांदेपोहे केले होते. पेंडसेकाकू 'सहज' आल्या होत्या. बाबा धुवट लेंगा-सदरा घालून दाराजवळच्या स्टुलावर बसले होते. मी उभं राहून छोटंसं भाषण केलं. मानवाचं एकटेपण, विश्वाची अथांगता वगैरे. गालाशेठ म्हणाले, "हां हां, लगाव ना भाई."

लावलं.

पहिला तुकडा झाला. गालाशेठनी पोहे संपवले. दुसरा झाला. त्यांनी घड्याळ बघितलं. तिसरा चालू असताना त्यांनी डोळे मिटले, ते मी रसिकतेच्या खात्यात टाकलं. पण मला काळजी नव्हती. माझा हुकमी एक्का चौथा तुकडा होता, 'पृथ्वीचा निरोप'. अकरा थर! त्याच्या मध्यावर स्वर चढत चढत जातात आणि असं वाटतं, आता आकाश फाटणार. मी डोळ्यांनी नंदाला खूण केली, बघ आता. स्वर चढले. चढले. चढले. आणि...

खट्ट.

"हालो... हालो... विजू?"

आवाज टेपरेकॉर्डरमधून येत होता.

"मी बाबा बोलतंय. चालू झाला काय नाय कोण जाणे. लाल बत्ती तर लागली हा."

मी बाबांकडे बघितलं. बाबा टेपरेकॉर्डरकडे बघत होते. एखाद्याला रस्त्यात स्वतःचंच भूत भेटावं तसा त्यांचा चेहरा झाला होता.

इथे सांगायला हवं. विजू म्हणजे माझा मोठा भाऊ. मस्कतला एका बांधकामावर फोरमन होता. फोन करणं तेव्हा सणासुदीचं काम, त्यामुळे आम्ही त्याला आवाजाची कॅसेट भरून पाठवायचो. नंदा बोलायची, मी बोलायचो, शेजारीपाजारी बोलायचे. बाबांच्या पुढ्यात मशीन धरलं की ते "मी बरो आसंय, तू बरो रव" एवढं म्हणून संडासात जाऊन बसायचे. तर त्या शनिवारी, मी बाहेर आणि नंदा झोपलेली असताना, बाबांनी पहिल्यांदाच धीर करून लाल बटण दाबलं होतं. मशीनमध्ये आधीपासून जी कोरी दिसणारी कॅसेट होती, तिच्यावर.

"तू बरो आसस मां?" टेपवरचे बाबा सांगत होते. "थय गरमी खूप म्हणतत. ताक पी. घरात सगळी बरी आसत. हय दुपारी कोणी बोलाचा नाय असो कायदो आसा. दिनू गाणा करता. गाणा म्हणजे... तुका कसा सांगू... गिरणीत बॉयलर थंड होयत जायचो ना, तेवा जसो आवाज येयचो, तसा आसा."

गालाशेठनी डोळे उघडले आणि जोरात मान हलवली. तासाभरात पहिल्यांदाच!

मी धावलो, बटण बंद करायला. नंदाने माझा हात धरला. इतका घट्ट धरला की त्या दिवशी परत घातलेल्या बांगड्या मला रुतल्या.

"माका खोकलो येता, म्हणान मी गच्चीर जातंय. बरा वाटता. थयसून डोंगर दिसतत. तू काळजी करू नको." मग बराच वेळ नुसती खरखर. मग आवाज एकदम खाली आला. "तुका एक सांगतंय, त्येका सांगू नको हां. मी गादीच्या फटीतसून बघतंय. तो डोळे मिटून वाजवता. पंखो नाय, घामान निथाळता मेलो. पण तोंडार असो काय आनंद असता! लग्नात वाजवता तेवा तसो नसता रे. तुझी आवस पापड लाटताना एकटीच गुणगुणायची, आठवता? तसोच दिसता तेवा. माका त्याच्यातला एक अक्षर कळणा नाय. पण पोराक जमाक व्हया. तू त्येका एक पत्र लिही. मोठो भाऊ म्हणान लिही. माझ्यान काय बोलूक होणा नाय."

पुन्हा खरखर.

"हां. आता ह्या बंद कसा करूचा? नंदा... नको, न्हिजली हा ती."

आणि मग खोकला. महिनाभर गच्चीवर नेऊन ठेवलेला तो सगळा खोकला बाबांनी त्या माइकसमोर मोकळा केला. लांबलचक, खोल, खरा. खट्ट. आणि लगेच, जणू काही झालंच नाही अशा थाटात, माझे अकरा थर आकाशाच्या पार पलीकडून पुन्हा सुरू झाले. आकाश फाटलं ती नेमकी जागा गेली होती.

पेंडसेकाकू पदराने डोळे पुसत होत्या. बाबा उठले. "मी वायच गच्चीर जावन येतंय," म्हणाले आणि चपला न घालताच गेले.

गालाशेठ पुढे सरकले. "दिनेशभाई, सच बोलू? ये बीचवाला आयटम एकदम फर्स्टक्लास! माझ्या बापूजींची याद आली मला. ह्यांची कॅसेट काढू या ना! पूर्ण साठ मिनिट. गिरणीच्या गोष्टी, गावच्या गोष्टी. लोक रडेगा, हसेगा."

"आणि माझं संगीत?" मी विचारलं.

"ते पण घेऊ ना," गालाशेठ मोठ्या मनाने म्हणाले. "सुरुवातीला, थोडा थोडा. काकांनी घसा साफ करेपर्यंत."

ते गेले आणि मग मला राग आला. खोटं कशाला बोलू, भयंकर आला. महिनाभराचा घाम, अकरा थर, जगातली एकुलती एक प्रत, आणि बरोबर मधोमध "ताक पी"! तावातावाने जिने चढून मी गच्चीवर गेलो. काय काय बोलायचं ते पायरीगणिक जुळवत गेलो. चांगली लांब यादी झाली होती.

बाबा कठड्याजवळ पाठमोरे उभे होते. मागे न बघताच त्यांनी विचारलं, "तुझा खराब झाला मां रे?"

यादी कुठेतरी शेवटच्या पायरीवर पडली असावी.

"नाही बाबा."

"किती गेला?"

"चारच मिनिटं."

"परत वाजव. मी हयसून आणखी वर खय तरी जातंय."

"गच्चीच्या वर काय आहे बाबा?"

त्यांनी वर बघितलं. "टाकी."

मला हसू फुटलं. बाबाही हसले आणि हसता हसता त्यांना उबळ आली. मी पाठीवरून हात फिरवत राहिलो. किती हाडं लागत होती हाताला! हा माणूस रोज दुपारी सहा-सात वेळा ते दोन मजले चढून येत होता आणि मी खाली गाद्यांत बसून विश्वाच्या अथांगतेचा विचार करत होतो.

"उद्यापासून खाली खोकायचं," मी म्हटलं.

"आणि कायदो?"

"कायदा रद्द."

"बरा." मग जिन्याकडे वळत, "त्या शेठाक सांग, माका कॅसेट-बिसेट नको. मी काय बोललंय ता खाजगी पत्र आसा. विजूचा."

दुसऱ्या दिवशी मी पुन्हा कपाटामागे बसलो. ती चार मिनिटं परत भरायची होती. दुसरं मशीन गेलं होतं, अकरा थर काही येणार नव्हते, पण एक थर तरी चढला असता, भोक बुजलं असतं. टेप बरोबर जागेवर आणली, कीबोर्ड चालू केला, लाल बटणावर बोट ठेवलं. बाहेर बाबा खोकत होते, नंदाच्या बांगड्या वाजत होत्या, पंखा खटखटत होता. चार वाजले, पाणी आलं, तरी माझं बोट तिथेच. बटण काही दाबलं जाईना.

गादी बाजूला करून नंदा आत डोकावली. "अहो, ऐका ना. भांडुपचे राणे परवा सकाळी मस्कतला चाललेत. पाठवून देऊ या का? भाऊजींचंच तर पत्र आहे ते."

"आणि आपल्याकडे काय राहील?"

"बाबा राहतील की."

ती खुंटी मी तेव्हा मोडली. अल्बमची नक्कल करून घ्यायला मशीन नव्हतं आणि वेळही नव्हता. शनीच्या चित्रासकट 'अवकाशातला एकटा' राण्यांच्या बॅगेत, कोकमाच्या आणि कुळथाच्या पिशव्यांमध्ये बसून परदेशी गेला.

दिवाळी उलटल्यावर विजूभाऊचं पत्र आलं. नंदाने मोठ्याने वाचायला घेतलं. बाबा स्टुलावर, काकू दारात 'सहज', आणि मी कपाटाला टेकून.

"'ती. बाबांस सा. न. कॅसेट मिळाली. बाबा, तुमचा आवाज ऐकून मला दोन दिवस जेवण गेलं नाही. आमच्या खोलीत आठ माणसं आहेत, सगळी दर शुक्रवारी तुमचं बोलणं लावतात. कुडाळचा एक सावंत आहे, तो तुमच्या खोकल्याला त्याच्या वडिलांचा खोकला म्हणतो आणि पुन्हा पुन्हा मागे करून ऐकतो. सगळ्यांनी ताक सुरू केलंय.'"

बाबांनी खिडकीबाहेर बघायला सुरुवात केली. नंदाने पान उलटलं.

"'चि. दिनूस आशीर्वाद. बाबा म्हणतात तू फार छान काहीतरी करतो आहेस. मला अभिमान वाटला रे. तुझ्या त्या गाण्याची कॅसेट मला जरूर पाठव, सगळे वाट बघतोय.'"

मला वाटलं, पत्र इथे संपेल. संपायला काही हरकत नव्हती.

"'पण त्याआधी टेपरेकॉर्डर कुणाला तरी दाखव. बाबांच्या बोलण्याच्या आधी आणि नंतर मशीनमधून फार विचित्र आवाज येतो. आम्ही वीस-वीस मिनिटांची टेप पुढे पळवतो तेव्हा कुठे बाबा येतात. दोष वेळीच शोध, नाहीतर तुझं गाणंही असंच बिघडेल.'"

नंदाने पत्राची घडी घातली. काकूंनी छताकडे बघितलं. बाबांचे खांदे हलत होते, आणि ते खोकत नव्हते.

मी उलट टपाली विजूभाऊला कळवलं: मशीन ठणठणीत आहे. दोष सापडला. वय वर्षं बत्तीस, आणि सोमवारपासून तो लाल कोट घालून लग्नाच्या हंगामाला जातोय.